फरकाचा रकाना

बॅलार्ड पिअरच्या मागे, गोदीच्या भिंतीला चिकटून
एक विहीर आहे. पाणी खारं,
कुणी भरत नाही.
तिच्यात तांब्याचा गोळा तरंगायचा,
गोळ्याला तार, तारेच्या टोकाला टाक,
आणि टाकाखाली दिवसाला एक फेरा घेणारा कागद.
समुद्र आपल्या हातानं लिहायचा.
मी फक्त शाई घालायचो.

एकतीस वर्षं.

वहीत तीन रकाने.
अंदाज: पंचांगासारखा, वर्षभर आधी छापून आलेला,
चंद्राची, सूर्याची, सगळ्यांची ओढ हिशेबात धरून.
प्रत्यक्ष: जे झालं ते.
आणि तिसरा, फरक.

वारा वजा केला, हवेचा दाब वजा केला,
ओमानकडे घोंगावणारं वादळ वजा केलं
तरी दोन-चार सेंटिमीटर उरायचेच.
उधाणाला उरायचे, भांगाला उरायचे.
इनास डाबरेंना विचारलं, साहेब, हे कुणाचं?
डब्यातला बोंबील मोडत ते म्हणाले,
"ठाऊक नाही. लिही.
आणि ज्या दिवशी शून्य येईल ना,
त्या दिवशी खाली उतरून तार बघ.
तुटली असेल."

शिवडीची चाळ पाडली, तिथेच आता
एकविसाव्या मजल्यावर आम्ही.
कर्ज फिटलं. मुलगी मार्गी लागली. गुडघाही नवा.
कुंदा म्हणते, आता काय कमी आहे?
खरंच, काही नाही.
तरी रात्री तीनला उठून
फ्रिज उघडून उभा राहतो.
भूक नसते.
दुधाची पिशवी, अर्धं लिंबू, काल उरलेली आमटी.
तू नव्हेस. तूही नव्हेस.
आतला दिवा तेवढा तोंडावर येतो
आणि पायांना गार लागतं.

देवळात जाऊन पाहिलं.
दर्शन झालं, पेढा मिळाला,
चपलाही जागच्या जागी होत्या.
फरक तेवढाच.

खिडकीखाली खाडीचा चिखल उघडा पडलाय.
पाणी निघालं असेल एव्हाना,
त्याला कुणी बोलावलंय कोण जाणे.
अंधारात चाचपत मी भिंतीवरच्या कॅलेंडरवर
पेन्सिलीनं आकडा टाकतो.

सकाळी कुंदा चष्मा लावून बघते.
दुधाचे का हे?
हो म्हणतो.
दोन जास्त लागलेत, ती म्हणते.

असतातच.