खापर

सकाळी सहाला टब भरते, ऊन डोक्यावर येईतो धुते.
मातकट पाणी, दात घासायचा एक ब्रश,
आणि वारकाच्या टेकाडातून उतरलेली पोती.

पोत्यात दुसरं काही निघालं तर सगळे धावतात:
मातीच्या पाटीचा कोपरा, शिंपल्याचा डोळा,
देवळाच्या भिंतीत ठोकलेला रंगीत खिळा.
माझ्या ढिगाकडे कुणी धावत नाही.
तिरप्या काठाची वाडगी.
जाडीभरडी, भुसा कालवलेल्या मातीची,
चाकावर न चढलेली, कुणी नक्षीचं बोटही न फिरवलेली.
इतकी निघतात, की मोजतो
आणि मोजून पुन्हा खड्ड्यात लोटतो.
काल चारशे एकोणीस.

डॉक्टर रुवैदा चहा पिताना सांगतात,
पाच हजार वर्षांहून जुनं हे शहर,
आणि कामावर आलेल्याला म्हणे
यातून जव मोजून मिळायचे.
वाद आहे. कुणी म्हणतं, पाव भाजायचे साचे होते नुसते.
पण पाट्यांवर एक खूण येते पुन्हा पुन्हा:
माणसाचं डोकं, तोंडाशी वाडगं.
अर्थ खाणे. किंवा शिधा.
दोन्हीला एकच खूण कशी, असं बगदादची पोरं विचारतात.
ती पोरं नंतर जन्मली.

मी नऊ वर्षांची होते तेव्हा समावात
रेशनचा वकील होता अबू शलाल.
तराजू दाराबाहेर, कात्री खिशात.
कार्डाचा तुकडा कापायचा, जीभ टाळूला लावून आवाज काढायचा,
मग ओतायचा पीठ.
काळं पीठ. त्यात खडे, कधी लाकडाचा भुसा.
आई दोनदा चाळायची
आणि चाळणीत उरलेलं कोंबड्यांना टाकताना
क्षणभर थांबायची.

कार्डावर आम्ही सात होतो.
सातवा झगैर. नावच ते, धाकटा.
मार्चमध्ये ताप आला, औषध नव्हतं,
औषध कुठेच नव्हतं, म्हणून दोष द्यायलाही कुणी जवळ सापडेना.

आई अकरा महिने त्याचं पीठ आणत राहिली.
'धाकटा कसा आहे?' अबू शलाल विचारायचा.
'झोपलाय,' आई म्हणायची.
तो कात्री चालवायचा, वर बघायचा नाही.
आता वाटतं, त्याला ठाऊक असावं.
मापात पाप होतं खरं;
कुणाच्या पदरात घालावं ते मला अजून ठरवता येत नाही.
त्या पिठाच्या भाकरी आम्ही खाल्ल्या.
गरम होत्या. मला आवडल्या.

वाडग्याच्या तळाशी बोटांची पेरं उमटलेली असतात,
साच्यात माती दाबताना राहिलेली.
धुताना माझी पेरं आपोआप तिथे जातात.
कधी बसतात, बहुधा बसत नाहीत.
ज्याचा हात, त्याचं नाव पाटीवर नाही.
पाटीवर किती, ते आहे.
डोकी इतकी, जव इतके.
मला नेहमी एकच शंका येते, कुणाला विचारत नाही:
त्या डोक्यांमधलं एखादं
आधीच मातीत गेलेलं नसेल का?
एखादी बाई रांगेत दोन वाडगी धरून
'झोपलाय' म्हणाली नसेल का
त्या भाषेत, जी आता कुणाच्याच तोंडी नाही?

मोजदादीची वही माझ्याकडे असते.
हंगाम संपला की ती वही बगदादला जाते,
तिथे तिचे तक्ते होतात, टक्केवारी निघते,
कुठल्या काळात शहर किती खात होतं त्याचा अंदाज.
उद्या कुणाला चूक सापडली
तर खुशाल माझ्या माथी खापर फोडावं;
इथे खापराला तोटा नाही.

रोज संध्याकाळी बेरीज करते,
पुन्हा करते,
आणि एक जास्त लिहिते.

काल खरी चारशे अठरा होती.

शनावामामा हाक मारतोय.
पुढचं पोतं ओलं आहे, म्हणतो, जपून ओत.