शके तीन, खुळखुळ मास

सियागंजच्या छापखान्यात मी पंचांगाची प्रुफं तपासते.
बावीस वर्षं. वृद्धी तिथी, क्षय तिथी, भद्रा.
एक आकडा हलला तर कुणाचं लग्न राहुकाळात लागेल,
म्हणून पट्टी ठेवून ओळ ओळ वाचते.

काल रुचिरनं स्वतःचं पंचांग आणून दिलं,
चौरेघी वहीत, जांभळ्या पेननं.
“आत्या, चुका काढ.”

त्याच्या देशात सूर्य नाही.
काढायला विसरलो, म्हणाला, मग तसंच बरं वाटलं.
तिथे दिवस उगवतो
कचऱ्याच्या गाडीचं गाणं नंदलालपुऱ्याच्या वळणावर आलं की,
आणि ज्या गल्लीत ते पोचत नाही
तिथे अजून कालच असतो.
(तिथली मुलं कालचाच अभ्यास करतात, असं त्यानं कंसात लिहिलंय.)

महिने नऊ.
खुळखुळ, सळसळ, टपटप,
तडतड, म्हणजे थंडीत गराडू तळतात तेव्हा,
मग घरघर, कुजबुज, किणकिण.
धडधड अकराच दिवसांचा, जास्त सोसत नाही.
नववा रंगपंचमीला राजवाड्यासमोर सुरू होतो
आणि गेर पुढे सरकली की तिथेच संपतो.
त्याला नाव दिलेलं नाही. कुणाला ऐकू गेलं असतं?

मी लाल पेन उघडलं. अधिक महिना?
“प्रतिध्वनी. आधीचाच महिना परत येतो, जरा बारीक होऊन.”
क्षय तिथी?
“एखादा आवाज मरतो तो दिवस.”
उदाहरणादाखल लिहिलंय: मिलचा भोंगा.
त्यानं तो ऐकलेला नाही, मीच सांगितलेला.
दुसऱ्या भोंग्याला आई डाळ उतरवायची;
मिल बंद पडली आणि आमच्याकडे
महिनाभर करपलेली डाळ होती.

आणि शक? कुठून मोजायचा?
त्यानं कानामागच्या यंत्रावर बोट ठेवलं.

तीन वर्षांपूर्वी ते पहिल्यांदा चालू केलं तेव्हा
नर्सनं त्याच्यासमोर खुळखुळा हलवला होता,
आणि सात वर्षांचा हा गृहस्थ आधी दचकला,
मग भडकला, की मी काय बाळ आहे?
वर्षाचा पहिला महिना खुळखुळ, तो असा.

“त्याच्या आधीही लोक होते,” तो म्हणाला,
“पिठाच्या गिरणीच्या भिंतीला गाल लावून दिवस मोजायचे.”

अमावास्या मात्र रोज घातलीये त्यानं.
रात्री यंत्र डबीत ठेवलं की ती लागते.
अरे, महिन्यातून एकदा असते.
“तुमच्यात.”
त्याच्या देशात तिला कुणी भीत नाही,
उलट तेवढ्या वेळात कुणी खोटं बोलत नाही,
कारण ऐकणारा ओठांकडे नीट बघत असतो.

खालून मशीनवर काम करणारे इक्बालभाई वर आले,
वही उलटीसुलटी करून म्हणाले,
“भिया, ये भी छापना है क्या? कितनी कॉपी?”
रुचिर म्हणाला, दोन. एक वापरायला, एक हरवायला.

शेवटी चूक सापडलीच.
टपटप महिन्याचे दिवस वर एकतीस लिहिलेत,
खाली चौकोन बत्तीस.
मी बोट ठेवलं.
तो बराच वेळ पेनचं टोपण चावत बसला.

“मी गच्चीवर होतो. डबी खाली राहिली होती.
तू अंगणातून हाक मारलीस,
मला नुसतं तुझं उघडं तोंड दिसलं.
तो दिवस मोजायचा की नाही?”

बावीस वर्षांत कुठल्याही ज्योतिषानं
मला हे विचारलेलं नाही.
पेन टेकवून खोडायला घेतला होता तो चौकोन,
अर्धी रेघ गेलीसुद्धा.
मग त्याच्याखाली ओळीनं टिंबं दिली,
आमच्या धंद्यात त्याचा अर्थ:
आहे तसं राहू द्या.