‘ह’नंतरचं अक्षर

भादव्यात शाळेला सरकारी कुलूप लागलं.
दारावर कागद, कागदावर राजाचा शिक्का,
आणि गावात वाचता येणारे अडीच,
पाटील, डोमाजी मास्तर, आणि अर्धी मी.

मास्तर म्हणाले, बरं झालं, छप्पर गळतच होतं.
दुसऱ्या दिवशी अडाणच्या पल्याड,
राखीव जंगलाच्या खुणेच्या दगडापाशी,
जिथे गवत कापलं तरी दंड होता,
आम्ही बसलो.
गवत कापलं नाही. नुसतं दाबलं.

फळा नव्हता, पळसाची पानं होती.
परटिणीच्या घरचा बिब्बा
खैराच्या काट्यानं टोचायचा
आणि त्याचं काळं तेल पानावर ओढायचं.
सुकलं की जायचं नाही.
अंगावरूनही नाही.
‘ठ’ काढताना झिबलचं मनगट सुजलं,
सोमी पानावर निजली
तर गालावर ‘म’ उमटला, उलटा.

टिटवी ओरडली की आम्ही गुरं राखणारी पोरं.
ती गप्प झाली की पुन्हा इयत्ता दुसरी.

एकदा जमादार खरंच आला, घोड्यावरून, भुकेला.
झिबलच्या मायनं पत्रावळ मांडली,
क पासून ञ पर्यंत सगळे
त्याच्या भाकरीखाली पालथे.
जेवला. ढेकर दिली. मास्तर कुठाय?
कोणता मास्तर जी, माय म्हणाली,
अजून थोडा झुणका घ्या.

‘ह’पर्यंत पोचलो होतो.
‘ळ’ उद्या, मास्तर म्हणाले,
तुमच्या जिभेला तो ठाऊकच नाही.
खरं होतं. आमचा डोळा डोया,
काळा बैल काया,
आणि शाळा? शाया.

त्याच रात्री त्यांना नेलं.

सकाळी आम्ही दगडापाशी गेलो, सवयीनं.
दाबलेलं गवत उठत होतं, एकेक काडी.
ते उठू नये म्हणून बसलो.

माघात कार्ड आलं, अकोल्याच्या तुरुंगातून.
सहा ओळी काळ्या फासलेल्या,
बिब्ब्यासारख्या, पण वास नसलेल्या.
एक सुटली होती.
सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं.
मी बोट ठेवलं. शा.
मग ते काहीतरी,
डोहावर जोडीनं बसलेले दोन चतुर,
की गाठ सुटता सुटता राहिलेलं दावं,
कधी न पाहिलेलं.

वाचलं मी. शाया भरते ना?

झिबल म्हणाला, भरते म्हणून लिही.
पळसाचं पान टपालात घेत नाहीत,
माहीत होतं आम्हाला.
सोमीनं पान पुसून दिलं.
मी काटा घेतला.