गाळलेली तीन मिनिटं

त्सियालाला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा
ती केबल-कारचं दार लाथेनं लावत होती.
सोव्हिएत दार आहे, म्हणाली,
गोडीगुलाबीनं ऐकत नाही.

मग नऊ वर्षं.
हिवाळ्यात कुताइसीहून मिनीबसनं त्या मँगनीजच्या गावी,
बॅटऱ्या ब्लाउजच्या आत,
थंडीत त्या जीव टाकतात म्हणून.
उन्हाळ्यात लग्नं:
कारंजं, ड्रोन, हातात पेला घेऊन रडणारा मामा.
एका लग्नात दोन महिन्यांचं भाडं सुटायचं,
तिसऱ्या महिन्याचं मालकिणीला तोंड चुकवून.

अर्जात एक रकाना असतो: हा चित्रपट आत्ताच का?
दरवर्षी तेच उत्तर लिहिलं.
दरवर्षी आत्ता वेगळं होतं.
परदेशातल्या एक बाई म्हणाल्या, विषय छान,
पण संघर्ष कुठे आहे?
मी त्यांना दाराबद्दल सांगितलं.

आई शेजारणींना सांगायची, आमची एतेरी टीव्हीत आहे.
मी टीव्हीत नव्हते.
मी त्या डब्यात होते, दरीवर लोंबकळत,
आणि त्सियाला लोकर विणत होती.

नवे डबे आले. दारं आपोआप लागणारी.
सिनेमा झाला, एकाहत्तर मिनिटांचा.
दूरच्या एका गावात, मंगळवारी सकाळी अकराला,
चौदा प्रेक्षक.
त्यातले दोघे चुकीच्या थिएटरात शिरलेले,
भिडेपोटी शेवटपर्यंत बसले.

ऑक्टोबरात बेसोचा फोन. पोलंडहून, ट्रकमधून.
आई गेली.
तुझा सिनेमा पाहिला. चांगला आहे.
पण त्यात ती फार गप्प आहे गं,
घरी कधीच नव्हती.
उरलेलं काही आहे का?

तेविसावी ड्राइव्ह. अक्रोडांच्या पिशवीखाली.
वहीत माझ्याच अक्षरात: हललंय, निरुपयोगी.
त्सियाला कॅमेऱ्याकडे चालत येते,
धूसर होईपर्यंत जवळ येते,
मक्याच्या भाकरीचा तुकडा पुढे करते.
खा. कधीची बघतेयस माझ्याकडे,
खाताना कधी दिसली नाहीस.
मग माझा आवाज: थांबा ना, शूट चालू आहे.
मग माझाच आवाज, तोंडात घास.
मागे दार उघडतं. ती वळते, ओरडते, लाथ.

पाठवलं.
दोन दिवसांनी बेसोची एक ओळ:
शेवटी ती दाराला जी शिवी देते,
ती नीट ऐकू येत नाही.

हेडफोन लावून बसलेय.
वारा थोडा कमी केला. तारांची घरघर कमी केली.
पहिलं अक्षर लागलंय.