नमुना क्रमांक सतरा

साडेचारशे रुपये हजेरी होती.
मशीनचे पाईप सड्यावर चढवायचे,
छिद्र पाडून झालं की
दगडाच्या कांड्या लाकडी पेटीत
ओळीनं लावायच्या.
मी लावल्या. बमू येडगेचा पोरगा मी,
म्हशींच्या वाटेनंच नेलं त्यांना वर,
दुसरी वाट मला ठाऊक नव्हती.

बेचाळीस छिद्रं.
सतरावं ठकूबाई झोरेच्या उखळाशेजारी,
वीतभर अंतरावर.
उखळ सड्याच्या जांभ्यातच कोरलेलं;
कुणी कोरलं, हे सांगणारं कुणी उरलं नाही,
तळ मात्र इतका गुळगुळीत
की वरीचा दाणा ठरत नाही.

पाटणला सुनावणी लागली.
कागदात आमचा सडा ‘पडीक, निर्मनुष्य’.
निर्मनुष्य असे आम्ही साठ जण
पंख्याखाली उकिडवे बसलो.
साहेब म्हणाले, पिढ्यान्‌पिढ्या राहता म्हणता,
तर पुरावा जोडा.
ठकूबाई उठली. पदरानं तोंड पुसलं.
“जोडला असता, सायेब,
पर त्यो डोंगराला चिकटल्याला हाय.
तुमीच या वर.
आन् पाय बघून टाका,
वायतुऱ्यात पानी दिसत न्हाई.”
कुणीतरी हसलं.
साहेबांनी पेनाला टोपण लावलं,
पुढची तारीख दिली.

त्या रात्री तिला सांगितलं,
सतरा नंबरची कांडी मी चोरलीय.
पेटी भरताना हात थांबला होता, एवढंच.
तिनं कांडी तळव्यावर तोलली.
“मुसळ हुईल का रं?”
उखळात एकदाच आपटली.
तुकडे झाले, वरी तांबडी झाली.
ती फुंकर मारत राहिली,
मग आपल्याशीच म्हणाली,
“ठिसूळ हाय. भोकंच भोकं.
म्हनून तर पानी धरतोय.”

खालच्या गावाला चैत्रात झरा लागतो
तो कुठून, हे मी तेवढ्यात शिकलो,
शाळेत नाही.

दुसऱ्या दिवशी शेण-माती कालवून
आम्ही छिद्रं बुजवायला घेतली.
बायका, पोरं, वाघजाईचा पुजारीसुद्धा.
एक्केचाळीस बुजली.
सतरावं ठकूबाईनं राखलं:
“सायेब आला तर दोनी भोकं
शेजारी शेजारी बघू दे.”

साहेब अजून आलेले नाहीत.
छिद्रात पाणी साठलंय, आतून बेडूक बोलतो.
माझी दोन दिवसांची हजेरी कंपनीकडं बाकी आहे.
मागायला गेलो नाही.