हॉटेल ओॲसिस, विटा

उंट प्लास्टरचा हाय.
मालकानं दुबईस्नं आल्यावर करून घेतला
गणपती करणाऱ्याकडनं,
म्हणून डोळे तेवढे देवासारखे.
फाटकाला खजुराची दोन झाडं,
त्यातलं एकच खरं.
खऱ्याला तांदूळ धुतलेलं पाणी मी घालते.
दुसऱ्याची धूळ पुसते.

मायणी रस्त्याला, गावाच्या भाईर,
दिवसा इथं माळ आन् कुसळं.
रात्री आठला दिव्यांच्या माळा लागल्या
की कुठलंतरी लांबचंच गाव
ह्या माळावर उतरतं.

माझी चूल काचंच्या मागं.
मालक म्हणला, भाकरी थापताना दिसली पाहिजेस.
दिसते.

तीन नंबरला मार्बलवाला भँवरलाल.
मटणाच्या टेबलांकडं पाठ करून
शेवभाजी खातो, दहा रात्रीतल्या नऊ रात्री.
पहिल्या दिवशी उंट बघून हसत सुटला हुता,
म्हणला, गुडघे उलटे बसवलेत ह्याचे.
त्याच्या मुलखात खरे उंट हायत.
मग गप झाला,
आन् जाताना पाठीवर थाप मारून गेला
त्या उलट्या गुडघ्याच्या.

कोपऱ्यात मागावरची बिहारी पोरं.
पगाराच्या शनिवारी पाच जणांत एक हंडी.
रश्श्याला बिल न्हाई, हे त्यांनी पहिल्यांदा हेरलं.
कानात अजून खडखडाट चालू असतो,
म्हणून "कांदा द्या" सुदीक
भांडल्यागत म्हणतात.

आत टेकनाथ. चायनीज करतो,
नेपाळचा हाय, चीन बघितला न्हाई.
त्याच्या शेजवानात आमच्या कांदालसणीचा
एक चमचा पडतो.
त्यो मीच सांगितलेला. मालकाला ठावं न्हाई.
पडद्यापल्याड परमिट रूम.
तिथं कुणाला कुणाचं गाव इचारत न्हाईत,
बर्फ किती, एवढंच.

पर दिवाळीत बगा.
गाड्यांच्या पाट्या केरळच्या, पंजाबच्या, बंगालच्या,
आतली माणसं लेंगऱ्याची, आळसंदची, भाळवणीची.
गलाईवाली.
सोनारांच्या दुकानातला केर इकत घ्यायचा,
जाळायचा, तेजाबात घालायचा,
केरातनं सोनं काढायचं.
माझा धनाजी पालघाटला त्येच करतो.
अंगठ्याच्या रेघा गेल्यात त्याच्या,
आधारचं मशीन त्याला वळखत न्हाई.

काल एक त्रिशूरचं कुटुंब आलं.
बाईच्या अंगावर पाटल्या, तोडे,
पोरगं आठ वर्साचं.
भाकरीचा तुकडा मोडंना त्याला.
वाटीतला तांबडा कट बघून
त्यानं खुर्ची मागं सरकवली.
बाप म्हणला, आजीला मराठीत सांग, काय पायजे.
पोरगं माझ्याकडं बघत राहिलं,
नाकातनं पाणी,
आन् बारीक आवाजात म्हणलं,
"वेळ्ळम."

वेटर हसला. आई लाजली.
मला कळलं.
धनाजीचा पोरगा फोनवर मधीच फोन टाकून पळतो
त्येच म्हणत,
मग लांबनं तांब्याचा आवाज येतो.
मी कितींदा ऐकलंय कान लावून.

पिठाच्या हातानं पेला भरून आणला,
माझ्या माठातला.
तोवर बापानं बाटली फोडली हुती.
"नको मावशी, त्याला भाईरचं बाधतंय."
मी म्हणले, बरं.
भाईरचं. माठ गेली चार वर्सं इथंच हाय.

एक वाजता टँकर आला,
पाईप टाकीत सोडून डायवर जेवायला बसला.
चूल इझवली.
पेला तसाच भरलेला कट्ट्यावर.
नेऊन खजुराला घातला, खऱ्या.
त्ये पोरगं अजून गेलं नव्हतं,
उंटावर बसलं हुतं,
टाचा मारत हुतं त्याच्या पोटाला,
चल म्हणून, का काय म्हणून,
त्ये मातर मला कळलं न्हाई.