रुंदी

उम्म अल् कुवैनच्या किल्ल्यामागे, खाडीच्या अंगाला,
एकसष्ट घरं. मी फीत धरतो, आकडे लिहितो.
प्रवाळाच्या दगडांच्या भिंती: हात लावला की
बोटांवर मिठाची भुकटी, कधी एखादा शिंपला,
दगड होता होता राहिलेला.

प्रत्येक खोलीची रुंदी सारखीच निघते.
तीन मीटर, पाच-दहा सेंटिमीटर इकडेतिकडे.
लांबी हवी तेवढी; रुंदी नाही.
आधी वाटलं, माझी फीतच चुकतेय.
मग वर बघितलं: चंदलाचे वासे.
आफ्रिकेच्या दलदलीतलं कांदळ
याहून लांब सरळ वाढत नाही,
गलबतांनी तेवढंच आणलं.
म्हणजे लामूच्या चिखलातलं एक झाड ठरवत होतं
इथे नवराबायकोनी किती अंतरावर निजायचं,
भांडण झालं तर पाठ कुठवर न्यायची.

घर क्रमांक सतरा. तक्त्यात रकाने:
मालक, अंदाजे वर्ष, अवस्था.
आत सध्या मोफज्जल, नोआखालीचा, जाळी विणतो,
आणि आणखी पाच जण.
कोनाड्यात चार्जर. वाशाला सुक्या मासळीची पिशवी.

तेवढ्यात पांढरी गाडी थांबली.
हेस्सा उतरली, काठी टेकत. मागे छत्री घेऊन ड्रायव्हर.
स्वतःच्या घराच्या दाराशी उभी राहिली
आणि कडी वाजवली.
थांबली.
मोफज्जलनं लुंगी सावरत "या" म्हटलं,
तेव्हाच आत आली.

कोनाड्याकडे तिनं पाहिलंही नाही.
सरळ उत्तरेच्या कोपऱ्यात गेली, वाकली,
भिंतीला पालथा हात लावला, ताप बघतात तसा.
"अजून चढते?"
"चढते. मोठी भरती असली की गुडघ्यापर्यंत."
"आमच्या वेळी कमरेपर्यंत यायची,"
ती म्हणाली, जराशा बढाईनं.
मग दोघं ओलीबद्दल बोलत राहिले,
तिची मोडकी हिंदी, त्याची मोडकी अरबी,
गोणपाट कुठे लावायचं, उशी कुठल्या बाजूला नको.
मी फीत गुंडाळत उभा,
एकाच दुखण्याच्या दोन माणसांत
उगाच आलेला तिसरा.

अवस्था: या रकान्यात मी "खराब" लिहिलं होतं.
खोडलं नाही. पुढे थोडी जागा होती,
तिथे "भरतीला ओल" एवढं घातलं.

रात्री शारजात, प्लायवूडच्या पार्टिशनाआड,
माझ्या खाटेच्या कडेला फीत लावली, सहज.
एक मीटर ऐंशी.

कुठलंच झाड एवढं आखूड नसतं.